‘आयएमईआय बदलून देतो’ म्हणणाऱ्याच्या नादी लागू नका

जुना मोबाइल घ्यायला गेलात की एखादा दुकानदार हळूच सांगतो, “ब्लॉक असला तरी घाबरू नका, आयएमईआय बदलून देतो.” दोन-तीन हजार वाचतात म्हणून माणूस हो म्हणतो. कृपा करून म्हणू नका.

आयएमईआय म्हणजे हँडसेटचा १५ अंकी ओळख क्रमांक. दोन सिमच्या फोनला असे दोन क्रमांक असतात. सिम बदलले, फोन रिसेट केला, स्क्रीन किंवा बॅटरी नवी टाकली, तरी तो बदलत नाही. चोरीचा फोन याच क्रमांकावरून शोधता येतो.

“फोन माझा, मी काहीही करीन” हा समज साफ चुकीचा आहे. २०२३च्या दूरसंचार कायद्यानुसार या क्रमांकात फेरफार करणे हा गुन्हा आहे. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद, ५० लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. गुन्हा अजामीनपात्र आहे. क्रमांक बदललेला आहे हे माहीत असून फोन वापरणाराही यात अडकतो. म्हणजे दुकानदाराने तसे सांगितल्यावर फोन घेतलात, तर ‘मला काय ठाऊक’ म्हणायची सोय उरत नाही.

फोन घेण्याआधी दुकानातच *#०६# डायल करा. दिसणारा क्रमांक खोक्यावरच्या आणि बिलावरच्या क्रमांकाशी जुळवून पाहा. मग केवायएम लिहून, एक जागा सोडून, तो क्रमांक १४४२२ वर एसएमएस करा. उत्तरात मॉडेल वेगळे आले किंवा फोन ब्लॉक असल्याचे कळले, तर तो कितीही स्वस्त मिळो, परत द्या. बिलाशिवाय तर घेऊच नका.

तुमचाच फोन चोरीला गेला, तर आधी पोलिसांत तक्रार द्या आणि त्याच नंबरचे नवे सिम काढा. मग तक्रारीची प्रत आणि ओळखपत्र जोडून ‘संचार साथी’ या सरकारी पोर्टलवर फोन ब्लॉक करा. त्यानंतर तो देशातल्या कोणत्याही कंपनीच्या नेटवर्कवर चालत नाही. फोन सापडला की तिथूनच ब्लॉक काढता येतो; त्यासाठी कुणाला पैसे मोजावे लागत नाहीत.

आपल्या फोनचा आयएमईआय आजच वहीत लिहून ठेवा, घरातल्या आजी-आजोबांच्या फोनचाही. आणि क्रमांक बदलून देणारा भेटला, तर त्याच्या दुकानाची पायरी पुन्हा चढू नका.