रस्त्यावरचा खेळाडू आणि पडद्यावरचा नायक

इंदापूरच्या बाजूने उजनीचा जलाशय ओलांडला म्हणजे करमाळा तालुका लागतो. तेथील जेऊरचे नागराज मंजुळे यांचा 'झुंड' ४ मार्च २०२२ रोजी प्रदर्शित झाला, तेव्हा बारामती-इंदापूरकडील सुशिक्षित कुटुंबांनी त्याचे घरच्या कार्यासारखे कौतुक केले. कौतुकास आमची हरकत नाही. पण त्या भरात एक साधा प्रश्न विचारावयाचा राहून गेला. ज्यांचे आयुष्य पडद्यावर आले, ते खेळाडू तेथे कोणत्या नावाने उभे आहेत?

मूळ हकीकत अशी. नागपूरच्या हिस्लॉप महाविद्यालयातील क्रीडाशिक्षक विजय बारसे यांनी झोपडपट्टीतील मुलांना फुटबॉलकडे वळविले. त्या मुलांपैकी अखिलेश पॉल हे पुढे २०१० साली रिओ येथील बेघरांच्या विश्वचषकात भारतीय संघाचे कर्णधार झाले. २०१४ साली 'सत्यमेव जयते' या दूरदर्शन-मालिकेत ते स्वतः बसले आणि स्वतःच्या तोंडाने बोलले. चित्रपटात मात्र गुरूचे आडनाव बोराडे झाले, शिष्याचा 'डॉन' झाला, आणि मध्यभागी आले अमिताभ बच्चन! पुढे तर, अखिलेश यांच्या जीवनकथेचे हक्क आपण घेतल्याचे सांगत हैदराबादचे एक निर्माते न्यायालयात गेले. २०२० साली प्रदर्शन अडले व प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोहोचले. एका जिवंत मनुष्याच्या आयुष्यावर दोन पक्ष मालकी सांगतात, ही गोष्ट आमच्या मते चित्रपटातील कोणत्याही प्रसंगाहून अधिक विचार करावयास लावणारी आहे.

यावर व्यवहारचतुर मंडळी म्हणतील, 'बच्चन नसते तर तो चित्रपट पाहिला कोणी असता?' या आक्षेपाचे उत्तर देण्यास मंजुळे यांच्याखेरीज दुसरा साक्षीदार नको. २०१६ सालच्या 'सैराट'मध्ये कोणता तारा होता? अकलूजची एक शाळकरी मुलगी होती आणि करमाळ्याचा एक अपरिचित तरुण होता. तरीही माणसांना चित्रपटगृहे पुरेना झाली. 'झुंड'मध्येही त्यांनी नागपूरच्या वस्त्यांतील खरी मुलेच घेतली, आणि ती ताऱ्याशेजारी रतिभरही उणी दिसत नाहीत. म्हणजे मुलांवर विश्वास होता. केवळ मुख्य आसन देण्याची वेळ आली तेव्हा तो डळमळला. मंजुळ्यांसारख्या समर्थ दिग्दर्शकाकडून ही तडजोड व्हावी, याचेच आम्हांस अधिक वाईट वाटते. (मुंबईच्या एखाद्या धंदेवाईकाने हेच केले असते, तर आम्ही लेखणीही उचलली नसती.)

आमच्या या दोन तालुक्यांतही जत्रेच्या फडात कुस्ती मारलेले आणि गावच्या मैदानावर कबड्डी गाजविलेले वृद्ध आहेत. त्यांची कीर्ती पारावर ऐकू येते. कागदावर वा चित्रफितीत ती शोधूनही सापडत नाही. महाविद्यालयांतून आता चित्रीकरणाची साधने पुष्कळ झाली आहेत, आणि स्नेहसंमेलनांतील नाच त्यांवर भरपूर टिपले जातात. यंदाच्या सुटीत विद्यार्थ्यांनी तीच साधने घेऊन या वृद्धांपुढे बसावे, त्यांना त्यांच्या नावाने बोलू द्यावे, आणि चित्रफीत तयार झाल्यावर ती प्रथम त्यांच्याच अंगणात दाखवावी.