दूरचित्रवाणीच्या लेखकाला आश्रय कोणाचा?

सुरतेच्या पहिल्या स्वारीवर निघालेले शिवाजी महाराज आणि जव्हारचे राजे विक्रमशाह यांची भेट शिरपामाळावर झाली, ही परंपरा सुपरिचित आहे. त्या माळाभोवतालच्या पाड्यांतील आजचे जीवन मात्र उर्वरित महाराष्ट्राला वृत्तांपुरतेच दिसते. १९९२ साली जव्हार तालुक्यातील वावर-वांगणी येथील बालमृत्यूंनी राज्य हादरले आणि आकडे प्रसिद्ध झाले. अर्थशास्त्राच्या अध्यापकाला आकड्यांचे मोल सांगावयास नको. परंतु आकड्यांतून माणूस दिसत नाही. तो दाखविण्याचे काम नाटकाचे आहे.

ब्रिटनमध्ये हे काम दूरचित्रवाणीच्या लेखकाने केले. जेरेमी सँडफर्ड यांचे ‘कॅथी कम होम’ हे नाटक बीबीसीने १६ नोव्हेंबर १९६६ रोजी प्रक्षेपित केले. घराला आणि अखेर मुलांनाही मुकलेल्या आईची ती कथा सुमारे १ कोटी २० लाख लोकांनी पाहिली व बेघरांचा प्रश्न संसदेत चर्चिला गेला. यात लेखकाच्या प्रतिभेइतकाच व्यवस्थेचाही वाटा होता. परवाना-शुल्कावर चालणाऱ्या या संस्थेने स्वतंत्र नाटकांसाठी आठवड्यातील एक रात्र राखून ठेवली होती. तेथे जाहिरातदाराची मर्जी सांभाळण्याचे कारण नव्हते.

आपल्याकडेही असा काळ होता. सई परांजपे यांची कारकीर्द दिल्ली दूरदर्शनवर घडली. २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालेल्या मुंबई केंद्राच्या उद्घाटनाचा कार्यक्रम त्यांच्याकडेच सोपविण्यात आला. ‘स्पर्श’ आणि ‘चष्मे बद्दूर’ या त्यांच्या चित्रपटांचे मूळ दूरचित्रवाणीसाठी केलेल्या कामात होते. प्रतिभेला प्रयोगाची मुभा आणि नियमित वेतन एकाच संस्थेत मिळाले, म्हणून हे शक्य झाले.

पुढे १९७६ मध्ये दूरदर्शनवर जाहिराती आल्या आणि १९८४ मध्ये ‘हम लोग’पासून पुरस्कृत मालिकांचे युग सुरू झाले. जाहिरात हा काही दोष नव्हे. ‘हम लोग’मध्ये कुटुंबनियोजनाचा विचारही होता. तथापि जाहिरातदार विकत घेतो ती प्रेक्षकाची क्रयशक्ती. वीटभट्टीवर स्थलांतर करणारे मोखाड्याचे कुटुंब त्या बाजारात ग्राहकच नाही. मग त्याची कथा दैनंदिन मालिकेत यावी कशी? मालिका जितकी लांबेल तितके उत्पन्न, हा हिशेब असल्यावर एका रात्रीत संपणाऱ्या नाटकाला जागा उरत नाही.

सह्याद्री वाहिनीने महिन्यातून एक तास अशा नाटकासाठी राखून ठेवावा, लेखकाला रास्त मानधन द्यावे आणि संहिता तालुक्यातालुक्यांतून मागवाव्यात. सरकारी पैशावर सरकारला बोचणारे नाटक कसे होणार, हा आक्षेप रास्त आहे. म्हणूनच निवड अधिकाऱ्यांच्या हाती न ठेवता स्वतंत्र मंडळाकडे द्यावी लागेल. जव्हार-मोखाड्यात नाट्याची वाण नाही. बोहाड्यात मुखवटे घालून रात्र जागविणारा हा प्रदेश आहे. येथल्या लेखकाला पोट भरून लिहिता येईल अशी सोय झाली, तर वावर-वांगणीची आई आकड्याबाहेर येऊन महाराष्ट्राशी बोलू लागेल.