पैसा कोणत्या पाटाने येतो?



पेरण्या आटोपल्या. ज्यांना वाफसा वेळेवर मिळाला त्यांची उगवणही बरी आहे. या दिवसांत आमच्या पंचायत समितीच्या कचेरीत माणसे येतात ती खत, तणनाशक, दुबार पेरणी असे प्रश्न घेऊन. पण अलीकडे जून-जुलैत आणखी एक प्रश्न येऊ लागला आहे. "साहेब, पोरगं बारावी झालं. एवढा कागद बघा बरं. या क्लासला घालावं का?" आणि हातात एक गुळगुळीत, रंगीत पुस्तिका असते.

काही वर्षांपूर्वी अशीच पुस्तिका घेऊन एक नवरा-बायको आले होते. पाच एकर कोरडवाहू जमीन, दोन म्हशी आणि एकुलता एक मुलगा. मी पुस्तिका चाळली, इमारतीचा फोटो पाहिला, पास झालेल्या मुलांचे हसरे चेहरे पाहिले आणि म्हणालो, "बरी दिसते संस्था. घाला." फी एकरकमी भरण्याची त्यांची ऐपत नव्हती. तेव्हा संस्थेनेच एका कर्ज देणाऱ्या कंपनीचा फॉर्म पुढे सरकवला. दरमहा हप्ता ठरला.

चार महिन्यांत मुलगा परत आला. शिकवलेले त्याच्या डोक्यात शिरेना. मुलगा परत आला, पण हप्ते काही थांबले नाहीत. कारण संस्थेला पूर्ण वर्षाची फी कर्जकंपनीकडून पहिल्याच महिन्यात मिळालेली होती. देणे उरले होते ते या दोघांच्या डोक्यावर. एक म्हैस विकावी लागली. ती बाई कचेरीत आल्या तेव्हा मला एका शब्दाने बोलल्या नाहीत, नुसत्या मान खाली घालून बसल्या. ते मला बोलण्यापेक्षा जास्त लागले. पिशवीवरचे लेबल वाचल्याशिवाय बियाणे घेऊ नका, असे गावोगाव सांगत फिरणारा मी. आणि संस्थेचा पैसा कोठून येतो, कधी येतो, हे न पाहता सल्ला देऊन मोकळा झालो.

तेव्हापासून मी एक सवय लावून घेतली आहे. कोणतीही संस्था समोर आली की पहिला प्रश्न विचारायचा : हिच्या मळ्यात पाणी कोणत्या पाटाने येते, आणि त्या पाटाचे दार कोणाच्या हातात आहे? आज तुम्हाला एका अमेरिकन कंपनीची गोष्ट सांगतो. वर्तमानपत्र, टीव्ही आणि शिक्षण असे तिन्ही धंदे तिने केले. तिचे शेअर बाजारात विकले जातात, त्यामुळे वर्षाचा हिशेब तिला उघड मांडावा लागतो. म्हणून तिची गोष्ट आपल्याला नीट वाचता येते.

एका पिकावरून अनेक पिकांवर

अमेरिकेची राजधानी वॉशिंग्टन. तेथले 'वॉशिंग्टन पोस्ट' हे वर्तमानपत्र १९३३ साली दिवाळे निघून लिलावात गेले. युजीन मेयर या धनिकाने ते ८ लाख २५ हजार डॉलरना घेतले. वर्तमानपत्राला दोन पाटांनी पैसा येतो. एक, वाचक अंकाची किंमत देतो तो. दुसरा, जाहिरातदार देतो तो. वाचकाला वाटते, पेपर आपल्या पैशावर चालतो. पण अमेरिकेतील वर्तमानपत्रांची अनेक वर्षांची रीत अशी की, रुपयातले बारा-तेरा आणे जाहिरातीचे आणि उरलेले तीन-चार आणे वाचकाचे.

एका पिकावर घर चालत नाही, हे मेयरच्या जावयाने, फिलिप ग्रॅहम यांनी ओळखले. १९५३ साली कंपनीने फ्लोरिडा राज्यात जॅक्सनव्हिल येथील टीव्ही केंद्र घेतले, १९६१ साली 'न्यूजवीक' हे साप्ताहिक घेतले. १९६३ साली फिलिप वारले आणि कारभार त्यांच्या पत्नी कॅथरीन यांच्यावर पडला. चार मुलांची आई, धंद्याचा अनुभव नाही, भोवती सगळे पुरुष. आपल्याकडेही कर्ता पुरुष गेल्यावर सातबारा आणि सोसायटीचे कर्ज एकदम बाईच्या अंगावर येते, तसेच ते झाले. त्यांनी कंपनी नुसती सांभाळली नाही, वाढवली.

टीव्ही केंद्राचा पैसा जाहिरातीचा. अमेरिकेत दर दोन वर्षांनी मोठ्या निवडणुका होतात आणि उमेदवार टीव्हीवर पाण्यासारखा पैसा ओततात. म्हणून टीव्ही केंद्राची सुगी एक वर्षाआड. शिवाय केबल कंपन्या त्या केंद्राचे कार्यक्रम आपल्या गिऱ्हाइकांना दाखवतात, त्याबद्दल केंद्राला मोबदला देतात.

पण टीव्ही केंद्र चालवायला सरकारचा परवाना लागतो. येथेच पाटाचे दार दिसते. 'पोस्ट'ने १९७२ साली वॉटरगेट प्रकरण लावून धरले. राष्ट्राध्यक्ष निक्सन यांच्या माणसांची लबाडी त्यात उघडी पडत होती. तेव्हा फ्लोरिडातील दोन टीव्ही केंद्रांच्या परवान्यांना हरकती घेण्यात आल्या. कंपनीच्या शेअरचा भाव घसरला. बातमी छापली पेपराने आणि धोका आला टीव्हीला! कॅथरीनबाई डगमगल्या नाहीत. परवाने टिकले आणि १९७४ साली निक्सन यांनाच राजीनामा द्यावा लागला. धडा मात्र लक्षात ठेवण्यासारखा आहे. पिके चार असोत की दहा, ज्या पाटाचे दार दुसऱ्याच्या हातात, त्या पाटाची धास्ती सगळ्या मळ्याला असते.

जोडधंदा मुख्य धंदा झाला

आता शिक्षणाकडे येऊ. न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात स्टॅन्ली कॅप्लान नावाचा तरुण १९३८ साली आईवडिलांच्या घराच्या तळघरात मुलांच्या शिकवण्या घेऊ लागला. पुढे कॉलेजप्रवेशाच्या परीक्षांची तयारी करून घेणारे त्याचे क्लास देशभर पसरले. १९८४ साली वॉशिंग्टन पोस्ट कंपनीने हा धंदा विकत घेतला. क्लासचा हिशेब सोपा आहे. फी आधी येते, शिकवणे नंतर होते. दूध घालण्याआधीच डेअरीने पैसे हातावर ठेवावे, तशी ही सोय. मात्र तेथे फी विद्यार्थ्याच्या खिशातून येत होती. क्लास निकामी निघाला तर पुढच्या वर्षी गिऱ्हाईक येणार नाही, हा वचक होता.

२००० साली कंपनीने आणखी एक पाऊल टाकले. नोकरीधंद्याचे शिक्षण देणाऱ्या खाजगी कॉलेजांची एक साखळी तिने विकत घेतली आणि त्यातून पुढे 'कॅप्लान युनिव्हर्सिटी' वाढली. बरेचसे शिक्षण इंटरनेटवरून होते. येथे पैशाचा पाट बदलला. अमेरिकेचे केंद्र सरकार विद्यार्थ्यांना शिक्षणासाठी अनुदान आणि कर्ज देते. तो पैसा आधी कॉलेजच्या फीपोटी जातो. कर्ज फेडायचे ते विद्यार्थ्याने. नफ्यासाठी चालणाऱ्या कॉलेजांना कायद्याची मर्यादा होती, तीही अशी की, उत्पन्नाचे शंभरातले नव्वद डॉलर या सरकारी पाटातून आले तरी चालतील!

धंदा फोफावला. २०१० च्या सुमारास कंपनीच्या शंभर डॉलर उत्पन्नात साठेक डॉलर शिक्षणाचे होते आणि ज्याच्या नावाने कंपनी ओळखली जाई, त्या वर्तमानपत्राच्या विभागाचे पंधराच्या आसपास. इंटरनेट आल्यावर छोट्या जाहिराती पेपरातून निघून गेल्या होत्या. त्या काळात कंपनीचे घर शिक्षणाने सावरले, हे मान्य केले पाहिजे. बांधावर लावलेल्या शेवग्याने कपाशीचे नुकसान भरून काढावे, तसे झाले.

पण मंडळी, या धंद्यात एक खोट होती. विद्यार्थी दाखल झाला की पैसा आला. तो शिकला का, त्याला नोकरी लागली का, कर्ज फेडू शकला का, यावर आलेला पैसा परत जात नव्हता. असे झाले की शिकवणाऱ्यापेक्षा भरती करणाऱ्याला महत्त्व येते. २०१० साली अमेरिकेच्या सरकारी तपासणी खात्याने विद्यार्थी म्हणून वेषांतर केलेली माणसे नफ्यावर चालणाऱ्या १५ कॉलेजांत पाठवली. पंधराच्या पंधरा ठिकाणी त्यांना दिशाभूल करणारी किंवा शंकास्पद माहिती मिळाल्याचे खात्याने सांगितले. त्यांत कॅप्लानचीही कॉलेजे होती.

त्यानंतर कॅप्लानने जे केले ते मला या गोष्टीतले सर्वांत बोलके वाटते. त्यांनी नवीन नियम केला : विद्यार्थ्याने पहिले काही आठवडे शिकून पाहावे, पटले नाही तर फीचे देणे न लागता बाहेर पडावे. चांगला नियम. पण तो लागू झाला आणि नव्या विद्यार्थ्यांची संख्या झपाट्याने खाली आली. म्हणजे दार मोकळे ठेवल्यावर कळले की आत किती जण मनापासून होते. त्याच सुमारास सरकारनेही अशा कॉलेजांचे नियम कडक केले. पाटकऱ्याने दार थोडे खाली घेतले आणि मळा सुकू लागला.

२०१३ साली कंपनीने आपले मूळ वर्तमानपत्र 'ॲमेझॉन'चे संस्थापक जेफ बेझोस यांना २५ कोटी डॉलरना विकले आणि स्वतःचे नाव बदलून 'ग्रॅहम होल्डिंग्ज' ठेवले. २०१८ साली कॅप्लान युनिव्हर्सिटी अवघ्या एका डॉलरला इंडियाना राज्यातील पर्ड्यू या सरकारी विद्यापीठाकडे गेली. पर्ड्यू म्हणजे शेतीशिक्षणासाठी नावाजलेले, 'लँड ग्रँट' पद्धतीचे विद्यापीठ. आपली कृषी विद्यापीठेही त्याच पद्धतीच्या धर्तीवर उभी राहिली. विद्यापीठ गेले तरी त्याला लागणाऱ्या सेवा पुरवून मोबदला घेण्याचा करार कॅप्लानने करून ठेवला. जमीन दिली, पण नांगरटीचे काम आपल्याकडे ठेवले, असा तो व्यवहार.

उलाढाल वेगळी, शिल्लक वेगळी

आज ही कंपनी शिक्षण, टीव्ही केंद्रे, मोटारविक्री, घरपोच रुग्णसेवा, कारखाने, उपाहारगृहे असे बरेच काही चालवते. २०२३ साली तिची उलाढाल सुमारे ४४० कोटी डॉलर होती. त्यात शिक्षण तिसऱ्या हिश्श्याहून थोडे जास्त, मोटारविक्री पाव हिश्श्याच्या जवळपास, टीव्ही दहाव्या हिश्श्याच्या आसपास. पण शिल्लक पाहिली तर चित्र उलटे दिसते. मोटारविक्रीत शंभर डॉलरमागे पाचही मागे राहत नाहीत. टीव्हीत पंचविसाच्या आसपास राहतात. उसाची पट्टी किती आली आणि खत, तोडणी, पाणी जाऊन हातात काय उरले, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे तुम्हाला मी सांगायला नको.

तुमच्या घरापुरते

या सगळ्याचा आपल्याला उपयोग काय? मुलाच्या प्रवेशाचा कागद हातात आला की खालील चार प्रश्न विचारा. मी त्या नवरा-बायकोंसाठी ते विचारले नव्हते.

पहिला : संस्थेला पैसा कधी मिळतो? सगळा आधी, की सत्रासत्राने? जितका आधी, तितका तिला तुमच्या मुलाचा वचक कमी.

दुसरा : मुलगा मधेच परत आला तर उरलेली फी मिळेल का? केंद्रीय शिक्षण मंत्रालयाने जानेवारी २०२४ मध्ये कोचिंग केंद्रांसाठी मार्गदर्शक सूचना काढल्या आहेत. पूर्ण फी भरून विद्यार्थी मधेच बाहेर पडला तर उरलेल्या काळाची फी दहा दिवसांत परत करावी, असे त्यांत म्हटले आहे. पण या सूचना आहेत, म्हणून तोंडी भरवशावर राहू नका. संस्थेकडून लेखी घ्या.

तिसरा : कर्ज कोणाचे, आणि हप्ता कधीपासून? बँकेच्या नेहमीच्या शैक्षणिक कर्जात शिक्षण चालू असताना आणि त्यानंतर वर्षभर हप्त्याला सवलत असते. संस्थेने पुढे केलेल्या फॉर्मवर हप्ता पुढच्याच महिन्यात सुरू होऊ शकतो. सही करण्याआधी बँकेत जाऊन दोन्ही ताडून पाहा.

चौथा : सल्ला देणाऱ्याला पैसा कोण देतो? परदेशी शिक्षणाला पाठवणाऱ्या एजंटाला बहुतेक वेळा पलीकडची संस्थाच दलाली देते. अडत्याचा सल्ला ऐकावा, पण तो अडत्या आहे हे विसरू नये.

शिकवून पैसा मिळवणे वाईट नाही. चांगला शिक्षक त्याच्या फीला पात्रच असतो. पाहायचे एवढेच, की मुलगा बुडाला तर शिकवणाऱ्याचेही काही बुडते का. ज्याचे काहीच बुडत नाही, त्याच्याशी करार करताना सही जपून करा.

त्या घराचा शेवटचा हप्ता गेल्या संक्रांतीला फिटला. मुलगा तालुक्याला आयटीआयमध्ये मोटार दुरुस्ती शिकला आणि आता विहिरीवरच्या मोटारी भरून देतो. गोठ्यात म्हैस मात्र अजून एकच आहे.

तुमच्याकडे असा एखादा कागद आला असेल तर सही करण्याआधी कचेरीत घेऊन या. दोघे मिळून वाचू. पुढच्या खेपेला कपाशीतील गुलाबी बोंडअळी आणि कामगंध सापळे यांविषयी बोलू.

तुमचा,
विस्तार अधिकारी (कृषी)