दीड तासात चौदा वर्षं
या आठवड्यात भाच्याने अभिमानाने सांगितलं, की त्याने ‘जय भीम कॉम्रेड’ दुप्पट वेगाने पाहून संपवला. तीन तासांचा माहितीपट दीड तासात! हिशेबाला पोरगा पक्का. पण आनंद पटवर्धनांनी तो करायला चौदा वर्षं घेतली, त्याचं काय? जुलै १९९७ मध्ये घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात १० माणसं गेली, चारच दिवसांनी शाहीर विलास घोगरेंनी गळफास घेतला आणि पटवर्धनांनी कॅमेरा उचलला. घोगरे त्यांना परके नव्हते. झोपड्या पाडल्या जाण्यावरच्या १९८५ च्या ‘हमारा शहर’मध्ये ते गायले होते. पुढे गोळीबाराचा खटला रेंगाळला, सरकारं बदलली, कॅमेरा मात्र वस्त्यांमधली गाणी, जलसे, भाषणं टिपत राहिला. (त्यात गायिका शीतल साठे गात असताना वेग वाढवणाऱ्याला आमच्याकडे चहा मिळत नाही, हे भाच्याला कळवलं आहे.) दूरदर्शनने आपले चित्रपट दाखवावेत म्हणून हा माणूस कोर्टाच्या पायऱ्या चढला, जिंकलाही, आणि एरवी पडदा-प्रोजेक्टर घेऊन थेट वस्तीत गेला. लोक त्यांना एकांगी म्हणतात. असू देत की! ज्याचं छप्पर उडालं त्याच्या आणि बुलडोझरच्या बरोबर मध्ये खुर्ची टाकून बसणारा माहितीपट मला बघायचाच नाही. शिवाय पटवर्धन समोरच्या बाजूला बोलू देतात, अगदी मनसोक्त, मध्ये न तोडता. त्या मंडळींची खरी पंचाईत तिथेच होते.