नापास झालेल्या टीमची गोष्ट

रिझल्टच्या दिवशी आपल्या होस्टेलचा कॉरिडॉर कसा असतो, हे कुणाला नव्याने सांगायला नको. एका रूममध्ये मोठ्याने गाणी, पार्टी कुठे करायची यावरून भांडणं, आणि शेजारच्याच रूमला आतून कडी. मागच्या वर्षी ती कडी लावलेली रूम आमची होती. मी सुटलो होतो, माझा रूममेट अडकला होता. एम-थ्री धरून पाच विषय. म्हणजे सरळ वायडी!

पण मी आज लिहिणार आहे बास्केटबॉलवर. दोन्हीचा संबंध काय, असं विचाराल. थोडा धीर धरा, सांगतो.

अमेरिकेत कॉलेजच्या मुलांच्या बास्केटबॉलचं वेड आपल्या क्रिकेटसारखं आहे. दर मार्च महिन्यात देशभरातल्या ६८ कॉलेज टीम्सची स्पर्धा होते. एक मॅच हरलात की घरी. टीम्सचे चार गट, आणि प्रत्येक गटात १ ते १६ असे नंबर दिलेले. पहिल्या नंबरची गाठ पडते सोळाव्याशी, म्हणजे टॉपरची गाठ काठावरच्याशी. १९८५ पासून २०१८ पर्यंत पुरुषांच्या स्पर्धेत अशा १३५ मॅचेस झाल्या होत्या आणि १३५ वेळा पहिला नंबरच जिंकला होता.

२०१७-१८ च्या सीझनमध्ये व्हर्जिनिया युनिव्हर्सिटीची टीम अशीच टॉपर होती. ३१ मॅचेस जिंकलेल्या, हरलेल्या फक्त २. डिफेन्स असा, की समोरच्या टीमला एका मॅचमध्ये सरासरी ५४ च्या आसपासच गुण मिळायचे. १६ मार्च २०१८ ला त्यांच्यासमोर आली मेरीलँड युनिव्हर्सिटीच्या बाल्टिमोर काउंटी कॅम्पसची टीम, म्हणजे यूएमबीसी. हे कॉलेज बुद्धिबळासाठी प्रसिद्ध! हाफ टाइमला स्कोअर २१-२१. पुढच्या वीस मिनिटांत यूएमबीसीने ५३ गुण केले. व्हर्जिनिया जेवढे गुण अख्ख्या मॅचमध्ये द्यायची, तेवढे अर्ध्या मॅचमध्ये गेले. शेवटी ७४-५४. वीस गुणांनी हार. डिआंड्रे हंटर हा त्यांचा चांगला खेळाडू मनगट मोडल्यामुळे बाहेर होता, हे खरं. पण एका मनगटाने वीस गुणांचा हिशेब लागत नाही. त्या दिवशी ते नापास झाले, इतकंच.

त्यानंतर देशभर त्यांची टिंगल झाली. आपल्याकडे रिझल्टनंतर एखाद्याची होते, तशीच. काइल गाय नावाच्या त्यांच्या खेळाडूने आपल्याला अँक्झायटीचा त्रास होतो हे उघडपणे लिहिलं. आणि समोर यूएमबीसीची मुलं नाचताहेत आणि आपण वाकून उभे आहोत, असा स्वतःचा फोटो त्याने मोबाइलच्या स्क्रीनवर लावला. रोज दिसावा म्हणून!

पुढच्या वर्षी काय झालं? पहिल्याच मॅचला पुन्हा सोळाव्या नंबरची टीम, आणि पहिल्या हाफमध्ये व्हर्जिनिया १४ गुणांनी मागे! ती मॅच त्यांनी ७१-५६ अशी काढली. पुढे पर्ड्यूविरुद्ध वेळ संपता संपता टाकलेला शॉट आत गेला, बरोबरी झाली आणि ओव्हरटाइममध्ये ८०-७५ ने जिंकले. सेमी फायनलला ऑबर्नविरुद्ध २ गुणांनी मागे आणि घड्याळात ०.६ सेकंद उरलेले असताना तीन फ्री थ्रो मिळाले. टाकणारा कोण? तोच काइल गाय. तीनही आत. ६३-६२. आणि ८ एप्रिल २०१९ ला टेक्सास टेकला ओव्हरटाइममध्ये ८५-७७ ने हरवून ते पहिल्यांदाच चॅम्पियन झाले. मनगट मोडलेल्या हंटरने फायनलला २७ गुण केले.

आता इथे कुणीही म्हणेल, 'अपयश ही यशाची पहिली पायरी आहे.' ही पाटी प्रत्येक रीडिंग हॉलमध्ये असते. मला ती पटत नाही. पर्ड्यूविरुद्धचा तो शॉट रिंगला लागून बाहेर पडला असता तर? नशिबाचा भाग मोठा होता, हे मान्य करायला हवं. पर्ड्यूचंच पाहा. २०२३ मध्ये पहिला नंबर असताना ते फेअरली डिकिन्सनकडून ६३-५८ ने हरले. २०२४ मध्ये थेट फायनलला पोचले आणि कनेक्टिकटकडून ७५-६० ने हरले. म्हणजे कप मिळेलच असं काही नाही.

मग या गोष्टीतून घ्यायचं काय? माझ्या मते एकच. त्या टीमला कुणी बाहेर काढलं नाही. कोच टोनी बेनेट तेच राहिले. गाय, हंटर, जेरोम तेच राहिले. तोच कोर्ट, तीच लॉकर रूम, तीच प्रॅक्टिस. नापास झाल्यावर त्यांना त्यांच्याच जागेवर परत उभं राहता आलं. जिंकणं न जिंकणं पुढचं.

आपल्याकडे उलटं आहे. होस्टेलच्या रूम्स मार्कांवर मिळतात आणि वायडीवाला यादीत दिसतच नाही. माझा रूममेट आता दोन किलोमीटरवर कॉट बेसिसवर राहतो. एका खोलीत पाच जण, त्यातला एकही इंजिनिअरिंगचा नाही. मित्रांनो, खरं सांगा, आपल्यापैकी किती जण फक्त लेक्चरच्या जोरावर पास होतात? रात्री दोन वाजता शेजारची रूम ठोठावून 'अरे, ही स्टेप कशी आली?' असं विचारल्यावरच लाप्लास समजतो. ज्याला ही शेजारची रूम सगळ्यांत जास्त हवी, त्यालाच आपण बाहेर पाठवतो.

रेक्टर सर म्हणतील, रूम्स कमी आहेत, चांगले मार्क असलेल्यावर अन्याय का करायचा? मुद्दा बरोबर आहे. म्हणून सगळ्यांना कायमची रूम द्या असं मी म्हणत नाही. पहिल्यांदा वायडी झालेल्यांसाठी प्रत्येक मजल्यावर एक रूम, तीही एका वर्षापुरती, एवढंच ठेवून पाहावं. विषय सुटले नाहीत तर ते जातील. पण आधी एक सीझन तर खेळू द्या!

आणि फक्त स्टाफकडे बोट दाखवून मोकळं होणं बरोबर नाही. तो सामान घेऊन गेला, त्यानंतर त्याला पहिला फोन करायला मला तीन आठवडे लागले. काय बोलायचं सुचत नव्हतं, असं मी स्वतःला सांगत होतो. खरं म्हणजे मी घाबरलो होतो. वायडी संसर्गजन्य असते असं आपण सगळेच वागतो.

आता तो दर रविवारी येतो. आम्ही एम-थ्रीचे जुने पेपर सोडवतो, मग मेसमध्ये गेस्ट कूपनवर फीस्ट खातो. ज्या होस्टेलमध्ये तो दोन वर्षं राहिला, तिथे शिरताना त्याला गेटवरच्या वहीत 'व्हिजिटर' म्हणून सही करावी लागते. 'कोणाला भेटायचं?' या रकान्यात तो माझं नाव लिहितो. पुढच्या महिन्यात त्याचा पेपर आहे. सुटेल की नाही, मला माहीत नाही. पण तुमच्याही विंगमधला कुणी असाच बाहेर राहत असेल, तर येत्या रविवारी त्याला बोलवा. त्यासाठी रेक्टर सरांच्या परवानगीची गरज नाही.