तलाव भरले, नळ कोरडाच!

पावसाळ्याच्या उत्तरार्धात मुंबईकरांस बहुधा एक शुभवर्तमान ऐकावयास मिळते: तलाव काठोकाठ भरले, वर्षाची चिंता मिटली! या वार्तेने संतोष वाटावा हे स्वाभाविकच आहे. परंतु ती वाचून उठलेल्या गृहस्थाने नळ फिरवावा आणि त्यातून पाण्याऐवजी हवेचा नुसता फूत्कार निघावा, तर त्याने या आनंदात सहभागी कसे व्हावे?

१८६० च्या विहारपासून २०१४ च्या मध्य वैतरणापर्यंत या शहराने सात तलावांचे पाणी मिळविले. त्यांची एकत्रित क्षमता सुमारे १४ लाख ४७ हजार दशलक्ष लिटर आहे. काही तलाव तर १०० किलोमीटरहूनही दूर आहेत. हा पराक्रम आम्ही मुक्तकंठाने मान्य करतो. तथापि तलावातील साठा ही शिल्लक झाली. ती नागरिकाच्या घागरीत उतरली की नाही, हे त्या आकड्यावरून कळत नाही.

नळ कोरडा पडला असता दोष क्रमाने शोधावा लागतो. एकच नळ बंद असेल तर त्याच्या तोंडाची जाळी गाळाने बुजली असेल, नाहीतर आतला वायसर बिघडला असेल. घरातले सारेच नळ कोरडे आणि शेजाऱ्यांकडे पाणी, तर घराचा कॉक बंद असावा किंवा पाइपात हवा अडकलेली असावी. सारी इमारतच कोरडी, तर गच्चीवरची टाकी, पंप आणि जमिनीखालची टाकी पाहावी. पाणी सोडण्याच्या वेळीही ही खालची टाकी भरत नसेल, तर मीटरपर्यंत पाणी पोचते की नाही हे तपासावे. मीटरच्या अलीकडचा दोष घरमालकाचा वा सोसायटीचा, पलीकडे मुख्य जलवाहिनीतला महापालिकेचा. इतकी ही सरळ विभागणी आहे.

पण आपल्या सुशिक्षित मध्यमवर्गाची रीत याहून निराळी आहे. पहिल्या दिवशी प्लंबर, दुसऱ्या दिवशी टँकर आणि तिसऱ्या दिवशी थेट नळजोडणीलाच मोटार! मीटरच्या पलीकडे काय बिघडले, हे विचारण्याचे कष्ट क्वचितच कोणी घेतो. मोटार लावणाऱ्याला पाणी मिळते, हे खरे. परंतु त्याच जलवाहिनीवरील पुढच्या घरांचा दाब ती ओढून घेते. मग पुढचाही मोटार आणतो, आणि शेवटी ज्याला मोटार परवडत नाही तोच तेवढा तहानेला राहतो. शिवाय पाणी बंद असताना रिकाम्या वाहिनीत मोटारीने शोषण सुरू केले, की फुटक्या सांध्यांतून आसपासचे सांडपाणी आत ओढले जाते. आपल्या चातुर्याचा प्रसाद असा शेजाऱ्याच्या पोटात जातो!

वाहिनीच्या टोकाला कोण राहते, याचाही विचार झाला पाहिजे. टेकडीवरच्या चाळी, रस्त्यापासून आत गेलेल्या वस्त्या आणि झोपडपट्ट्या यांच्याकडे ना जमिनीखालची टाकी, ना टँकरचे पैसे. वस्ती अनधिकृत आहे एवढ्याच कारणास्तव तेथील माणसांना पाणी नाकारता येणार नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाने डिसेंबर २०१४ मध्ये बजावले. हक्क असा मान्य झाला. पण वाहिनीत दाबच नसेल तर न्यायालयाचा निर्णय हंड्यात भरता येत नाही.

एवढ्या मोठ्या शहरात याहून निराळे घडणेच अशक्य, असे उत्तर आम्हांस मिळेल. ते आम्हांस पूर्णतः मान्य नाही. कऱ्हाडजवळच्या मलकापुरात २००९ च्या सुमारास चोवीस तास पाणी सुरू झाले. प्रत्येक घरी मीटर बसले आणि अधिक वापरास अधिक दर लागला. ओडिशातील पुरी शहराने २०२१ मध्ये नळाचे पाणी थेट पिण्याजोगे आणि अहोरात्र उपलब्ध केले. ही गावे मुंबईच्या मानाने लहान आहेत, हे आम्ही जाणतो. म्हणूनच सारी मुंबई एका दिवसात बदला असे आमचे म्हणणे नाही. आधी मोजा, एवढेच म्हणणे आहे.

पाणीपुरवठ्याची कामे उभारणे व राखणे हे १८८८ च्या अधिनियमाने महापालिकेचे बंधनकारक कर्तव्य ठरविले आहे. ते पार पडले की नाही, हे धरणाच्या भिंतीवर नव्हे, वाहिनीच्या शेवटच्या टोकाला तपासले पाहिजे. तलावांची पातळी जशी रोज जाहीर होते, तसाच प्रत्येक विभागातील टोकाच्या जोडणीवर किती तास आणि किती दाबाने पाणी आले, याचा हिशेब रोज जाहीर व्हावा. नागरिकांनीही मीटरच्या आतला दोष स्वखर्चाने दुरुस्त करावा, थेट लावलेल्या मोटारी स्वतःहून काढाव्यात आणि मगच, परंतु न चुकता, लेखी जाब विचारावा. टँकर बोलावून जो गप्प बसतो तो आपली गैरसोय टाळतो. महापालिकेला मात्र तिच्या जबाबदारीतून परस्पर मोकळे करतो. कर भरणाऱ्या शहराला हे औदार्य परवडणारे नाही.