कमिटीने नाकारलेले नाटक

मराठी नाटकाचा इतिहास सांगणारी पुस्तके बहुधा एकाच वाटेने जातात. १८४३ साली सांगलीत विष्णुदास भाव्यांचे ‘सीतास्वयंवर’, १८६१ साली विनायक जनार्दन कीर्तन्यांचे ‘थोरले माधवराव पेशवे’, मग किर्लोस्कर, देवल, खाडिलकर. या वाटेवर १८५५ सालाला फार काळ जागाच नव्हती. त्या वर्षी अठ्ठावीस वर्षांच्या जोतीराव फुल्यांनी ‘तृतीय रत्न’ हे नाटक लिहून पुण्याच्या दक्षिणा प्राइझ कमिटीकडे पाठवले होते. कमिटीने ते नाकारले. ते छापून यायला १९७९ उजाडले. ‘पुरोगामी सत्यशोधक’ या नियतकालिकाने ते पहिल्यांदा वाचकांपुढे ठेवले. मधल्या १२४ वर्षांत मराठी रंगभूमीची घडी बसून गेली होती.

या नाटकाविषयीची चर्चा अजूनही ‘पहिले मराठी नाटक कोणते’ या वादात अडकून पडते. मला तो मानाचा वाद गौण वाटतो. नाटक नाकारले कोणी आणि कोणत्या अधिकाराने, हे आधी पाहायला हवे. त्यासाठी नाट्येतिहासाची पुस्तके बाजूला ठेवून विद्याव्यवहाराच्या इतिहासाकडे वळावे लागते.

दक्षिणेची परंपरा तळेगावच्या खंडेराव दाभाड्यांपासूनची. श्रावणात विद्वान ब्राह्मणांना दक्षिणा द्यायची ही रीत पुढे पेशव्यांनी आपल्याकडे घेतली आणि पर्वतीच्या रमण्यात दूरदूरच्या शास्त्री-पंडितांची रीघ लागू लागली. १८१८ मध्ये पेशवाई बुडाली, तरी इंग्रज अधिकारी एल्फिन्स्टनने दक्षिणा एकदम बंद केली नाही. पुण्यातल्या ब्राह्मणवर्गाचा रोष नव्या सरकारला परवडणारा नव्हता. १८२१ साली याच पैशाच्या आधाराने विश्रामबागवाड्यात संस्कृत पाठशाळा निघाली. १८४९ मध्ये सुधारकांनी सरकारकडे अर्ज केला, की दक्षिणेचा हा पैसा मराठीत उपयुक्त ग्रंथ लिहिणाऱ्यांना द्यावा. शहरातले सनातनी खवळले, तरी त्या खटपटीतून ग्रंथांना बक्षिसे देणारी कमिटी उभी राहिली. पुढे याच निधीतून दक्षिणा फेलो नेमले जाऊ लागले. रानडे आणि रामकृष्ण गोपाळ भांडारकर हे त्यांतलेच. आपल्याकडच्या आधुनिक संशोधनाच्या मुळाशी या दक्षिणेचा पैसा आहे, आणि तो ज्यांच्या हातून गेला त्यांनी विद्या कशाला म्हणायचे हेही ठरवले.

फुले सरकारला अनोळखी नव्हते. १८५२ च्या नोव्हेंबरात त्याच विश्रामबागवाड्यात इंग्रज शिक्षणाधिकारी मेजर कँडीच्या उपस्थितीत त्यांच्या शिक्षणकार्याचा शालजोडी देऊन सत्कार झाला होता. शाळा काढणारा फुले मान्य होता. त्याने हातात लेखणी घेऊन भिक्षुकीचा हिशेब मांडला, तेव्हा मात्र दार बंद झाले. १८७३ च्या ‘गुलामगिरी’त त्यांनी स्वतःच ही हकीकत नोंदवली आहे: कमिटीतल्या भट सभासदांच्या आग्रहापुढे युरोपियन सभासदांचे काही चालले नाही. ती नोंद इतके दिवस डोळ्यांसमोर होती, आणि तरीही नाटकाच्या इतिहासकारांना त्या हस्तलिखिताचा माग काढावासा वाटला नाही, याचे मला दुःख होते.

आता नाटकाकडे येऊ. कुणब्याची बायको गरोदर आहे, नवरा घरी नाही, आणि जोशी दारात येतो. तो आधी सुखदुःखाची चौकशी करतो. मग पोटातल्या जिवाला ग्रहांची पीडा आहे असे सांगून तिच्या मनात भीती पेरतो. उपाय अर्थातच त्याच्याकडे तयार असतो: अनुष्ठान, ब्राह्मणभोजन, दक्षिणा. बाईच्या भीतीचे रूपांतर नवऱ्याच्या कर्जात कसे होते, ते फुले घाई न करता दाखवतात. तूप, पीठ, पैसा असा एकेक जिन्नस घराबाहेर जातो. भारतीय शेतकऱ्याच्या कर्जबाजारीपणावर नंतर पुष्कळ लिहिले गेले, पण त्याची सुरुवात उंबऱ्यावरच्या अशा बोलण्यातून होते हे इतक्या जवळून दाखवणारे लेखन मला फार थोडे माहीत आहे.

नाटकात पाद्री आहे, आणि तो मूर्तिपूजेविरुद्ध भरपूर युक्तिवाद करतो. फुले स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकलेले, त्यामुळे या व्यक्तिरेखेवरून त्यांच्यावर मिशनऱ्यांचे हस्तक असल्याचा शिक्का मारणे सोपे जाते. पण शेवट नीट वाचा. जोडपे बाप्तिस्मा घ्यायला जात नाही. ते फुले दांपत्याच्या रात्रीच्या शाळेत जायला निघते. १८५५ सालीच फुल्यांनी कष्टकऱ्यांसाठी रात्रशाळा काढली होती, तेव्हा ही काही कल्पनेतली शाळा नव्हे. एका श्रद्धेच्या जागी दुसरी बसवणे नाटककाराच्या मनात नाही. त्याला या दोघांच्या हातात पाटी हवी आहे.

आणि विदूषक! संस्कृत नाटकातला विदूषक जातीने ब्राह्मण, राजाचा मित्र, मोदकांवर जीव टाकणारा. भाव्यांच्या खेळांतही सूत्रधाराबरोबर विदूषक येत असे. फुल्यांनी ही ओळखीची भूमिका उचलली आणि तिला कुणब्याच्या बाजूने उभे केले. इतरांचे संवाद चालू असताना तो मध्येच प्रेक्षकांशी बोलतो, जोशाच्या गोड शब्दांमागचा हेतू उघड करतो. पात्रांना अजून न कळलेली गोष्ट प्रेक्षकाला कळते, आणि त्या अंतरातूनच नाट्य उभे राहते. याला प्रचार म्हणून हातावेगळे करणाऱ्या समीक्षकांनी रचनेतली ही जाण पाहिलेलीच नाही.

उणिवाही आहेत. पाद्र्याची भाषणे लांबतात, त्याला तोडीस तोड प्रश्न कोणी विचारत नाही, उत्तरार्धात प्रसंग थोडे आणि चर्चा फार होते. हे सगळे मान्य करूनच नाटक वाचायला हवे, कारण नुसत्या आदराने त्याला हार घातला तर ते पुन्हा एकदा न वाचलेलेच राहील.

गो. पु. देशपांड्यांच्या ‘सत्यशोधक’ या फुल्यांवरच्या नाटकाचा प्रयोग अतुल पेठे यांनी पुण्यातल्या सफाई कामगारांना घेऊन उभा केला, तेव्हा फुल्यांचे विचार ज्यांच्यासाठी होते त्यांच्याच तोंडून ते ऐकताना प्रेक्षागृह हलले होते. फुल्यांच्या स्वतःच्या नाटकाच्या वाट्यालाही तशी तालीम यावी. बहुतेक वाचकांना ते समग्र वाङ्मयाच्या जाडजूड खंडातच भेटते. टिपांसह, रंगसूचनांसह, महाविद्यालयातल्या पोरापोरींच्या खिशाला परवडेल अशी त्याची सुटी आवृत्ती निघावी, आणि मराठीच्या अभ्यासक्रमात ती कीर्तन्यांच्या नाटकाशेजारी लागावी. दिग्दर्शकांना एक विनंती: कात्री लावायचीच असेल तर पाद्र्याच्या भाषणांना लावा, जोशी आणि कुणबीण यांच्या संवादातले एकही वाक्य गाळू नका.